‘याला काही लागत नाही’

मंडळी, आज थोडं भांडायचं आहे.

"याला काही लागत नाही हो. आठवड्यातून एकदा पाणी घातलं की झालं." सक्युलंट विकणारा प्रत्येक माणूस हे वाक्य म्हणतो. नर्सरीवाला म्हणतो, मॉलमधली मुलगी म्हणते, वास्तुशांतीला आलेल्या पाहुण्यांच्या हातात इवलीशी कुंडी ठेवणारे यजमानही म्हणतात. झाडांच्या बाजारात याहून खोटं वाक्य मी ऐकलेलं नाही. ते नुसतं खोटं असतं तर मी कानाआड केलं असतं. पण ते अन्यायाचं आहे. कारण झाड मेलं की दोष विकणाऱ्याला लागत नाही, घेणाऱ्याला लागतो. ज्याला काही लागतच नाही, तेसुद्धा तुम्हाला जगवता आलं नाही, म्हणजे तुम्ही किती निष्काळजी!

माझी धाकटी जाऊ ठाण्याला असते. तिच्या खिडकीतली तुळस तीस वर्षांत कधी सुकलेली मी पाहिली नाही. मधुमालती तर तिने तिसऱ्या मजल्यापर्यंत चढवली आहे. गेल्या तीन वर्षांत तिच्याकडे भेट म्हणून आलेली पाच-सहा सक्युलंट पावसाळ्यात कुजली. आता फोनवर म्हणते, "वहिनी, माझ्या हाताला झाड लागतच नाही हो." तीस वर्षांची तुळस बाजूला राहिली आणि पन्नास रुपयांच्या कुंडीने तिला नापास केलं.

नागपूरच्या भाच्याच्या मुलीचं तर याहून वाईट. तिच्या शाळेने एप्रिलमध्ये, सुट्टी लागायच्या दिवशी, वर्गातल्या प्रत्येक मुलाला एकेक सक्युलंट ‘दत्तक’ दिलं. जूनमध्ये जिवंत परत आणायचं. गुलाबाच्या आकाराचं, निळसर पानांचं ते रोप होतं, म्हणजे एचेव्हेरिया. त्याच्याबरोबर एक छापील कागद: पूर्ण सूर्यप्रकाशात ठेवा, आठवड्यातून एकदा पाणी द्या, हिवाळ्यात घरात घ्या. पोरीने अक्षरश: तसं केलं. कॅलेंडरवर खुणा करून दर रविवारी पाणी घातलं आणि कुंडी गच्चीवर पूर्ण सूर्यप्रकाशात ठेवली. नवतपा सुरू झाला आणि चार दिवसांत रोपाचा लगदा झाला. जूनमध्ये तिच्या वहीत बाईंनी लिहिलं, ‘काळजी घेतली नाही.’ भाचा मला म्हणाला, "मावशी, ती दोन दिवस जेवली नाही गं."

मी अडतीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला. मुलाने सांगितलेलं सगळं केलं आणि तरी उत्तर चुकलं, तर प्रश्नपत्रिका तपासायची असते. मूल नव्हे. त्या बाईंवर माझा राग नाही, त्यांनाही तो कागद कुणीतरी दिलाच असणार. माझा राग त्या कागदावर आहे.

तो कागद नीट वाचा. ‘हिवाळ्यात घरात घ्या.’ कुणाचा हिवाळा? माझी पुतणी न्यू जर्सीत राहते. तिच्यासाठी हे वाक्य शंभर टक्के बरोबर आहे. तिकडे पारा शून्याखाली उतरतो, पानांत साठवलेलं पाणी गोठतं, पेशी फुटतात आणि झाड काळं पडतं. म्हणून ती ऑक्टोबरमध्ये कुंड्या आत घेते आणि मे महिन्यात बाहेर काढते. आत ऊन कमी, म्हणून झाड वाढत नाही, म्हणून पाणीही अगदी थोडं. ‘हिवाळ्यात पाणी कमी, उन्हाळ्यात जास्त’ हा नियम तिथे जन्मला आणि तिथे तो शहाणपणाचा आहे. काकूचा त्याला अजिबात विरोध नाही.

पण तोच नियम नागपूरला, ठाण्याला, साताऱ्याला छापून वाटायचा? आपल्याकडे थंडीने सक्युलंट मरायला माणसाने निफाडच्या शेतात किंवा महाबळेश्वरला वेण्णा तलावाकाठी राहायला हवं, जिथे काही वर्षी दवबिंदू गोठल्याच्या बातम्या येतात. बाकी महाराष्ट्रात थंडी या झाडांची शत्रू नाही. आपल्याकडे ती मरतात दोन गोष्टींनी. एक, उन्हाळ्यातल्या गरम रात्री. दोन, पावसाळा. आणि गंमत बघा, त्या कागदावर गरम रात्रीबद्दल एक अक्षर नाही आणि ‘पावसाळा’ हा शब्दच नाही. जिथून तो कागद उतरवला, तिथे पावसाळा नावाचा ऋतूच नाही!

आता रात्रीचं काय म्हणते ते सांगते, कारण सगळी मेख तिथे आहे.

सक्युलंट हे काही एक कुळ नव्हे. ती एक सवय आहे. पानांत, खोडात किंवा मुळांत पाणी साठवून ठेवायची सवय. ती अनेक कुळांतल्या झाडांना आहे: कोरफड, पानफुटी, निवडुंग, जेड, अडेनियम. यांतल्या बऱ्याच जणांची आणखी एक सवय आहे. इतर झाडं दिवसा पानांवरची छिद्रं उघडून हवेतला कार्बन डायऑक्साइड घेतात. ही मंडळी दिवसा दारं घट्ट लावून बसतात, नाहीतर साठवलेलं पाणी उडून जाईल. दारं उघडतात रात्री. रात्री घेतलेला कार्बन डायऑक्साइड आम्लाच्या रूपात साठवायचा आणि दुसऱ्या दिवशी उन्हात, दारं बंद ठेवून, त्याचं अन्न करायचं.

याचा एक फार जुना पुरावा आपल्याच देशातला आहे. मद्रास इलाख्यात ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत असलेल्या बेंजामिन हाइन या वनस्पतिशास्त्रज्ञाने पानफुटीचं पान चाखून पाहिलं. सकाळी ते आंबट लागलं, दुपारपर्यंत आंबटपणा गेला. त्याने हे लंडनला पत्राने कळवलं आणि 1815 साली लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात ते छापून आलं. पानफुटी आपल्या घराघरांत आहे. उद्या पहाटे एक कण जिभेवर ठेवा, संध्याकाळी दुसरा ठेवा (गिळू नका, थुंकून टाका), आणि नातवंडांना सांगा की हे झाड रात्री काम करतं.

म्हणजे रात्र ही या झाडांची कामाची पाळी. आणि बऱ्याच जणांना कामासाठी थंड रात्र लागते, साधारण 10 ते 20 अंशांमधली. एचेव्हेरिया येते कुठून? बहुतेक जाती मेक्सिकोच्या डोंगराळ, उंच भागातल्या. दिवसा लख्ख ऊन, पण रात्र गार. आता नागपूरची मे महिन्यातली रात्र आठवा. दिवसभर 45 अंशांत तापलेली गच्ची रात्री अकरा वाजताही चटका देते. पारा 28-30 च्या खाली यायला तयार नसतो. त्या झाडाने दारं उघडायची कधी? दिवसा उघडली तर पाणी जातं, रात्री गरम हवेत त्याचं काम नीट होत नाही, उलट साठवलेलं अन्न मात्र श्वासात खर्च होतं. मग ते करतं काय? झोपतं. वाढ थांबवतं, खालची पानं सुकवतं, आणि वाट बघतं. झोपलेल्या झाडाच्या मुळांशी दर रविवारी पाणी ओतलं, आणि काळ्या प्लॅस्टिकच्या कुंडीत ते पाणी दुपारी गरम झालं, तर मुळं शिजणार नाहीत तर काय होईल? पोरीने रोप उपाशी नाही मारलं हो. तिला झोपलेल्याच्या तोंडात पाणी ओतायला सांगितलं होतं.

आणि आता याच्या बरोबर उलट. त्याच गच्चीवर शेजारी अडेनियम असेल तर मे महिन्यात ते फुललेलं असतं. त्याचं घर पूर्व आफ्रिका आणि अरबस्तान. गरमी त्याला घरच्यासारखी. ते उन्हाळ्यात वाढतं, पाणी पितं, खत खातं. थंडीत पारा 12-10 कडे उतरू लागला की पानं गाळून झोपतं, आणि तेव्हा पाणी घातलं तर त्याचं फुगीर बूड मऊ पडून कुजतं. म्हणजे एकाच फळीवर दोन कुंड्या: एक मे महिन्यात झोपते आणि जानेवारीत वाढते, दुसरी जानेवारीत झोपते आणि मे महिन्यात वाढते. दोन्हींवर चिठ्ठी एकच, ‘सक्युलंट, आठवड्यातून एकदा पाणी’. शाळेत कुणी मला म्हटलं असतं की कोकणात आणि मराठवाड्यात एकाच दिवशी पेरणी करा, तर मी त्याला नकाशासमोर उभं केलं असतं.

तेव्हा पहिला मुद्दा हा की झाडाचं गाव विचारा. दुसरा मुद्दा, आपल्या गावाचे ऋतू धरून वेळापत्रक लावा. माझ्या साताऱ्याच्या गच्चीवरचं वेळापत्रक सांगते. गाव सातशे मीटरच्या आसपास उंचीवर, त्यामुळे रात्री ठाण्या-नागपूरपेक्षा बऱ्या. तुम्ही आपापल्या गावाप्रमाणे पुढेमागे करा.

दिवाळी ते होळी हा यांचा खरा हंगाम. आकाश निरभ्र, हवा कोरडी, दिवसा 28-30, रात्री 12-15. हे जवळजवळ मेक्सिकोच्या डोंगरातलंच हवामान झालं. एचेव्हेरिया, जेड, ग्राप्टोपेटलम, सेडम या सगळ्यांना आता भरपूर ऊन आणि माती सुकली की पोटभर पाणी. पानांच्या कडा गुलाबी होतात त्या याच दिवसांत, गार रात्री आणि स्वच्छ ऊन यांच्यामुळे. कुंडी बदलायची, पान लावून नवं रोप करायचं, थोडं खत द्यायचं, तर आत्ता. आणि नेमकं याच वेळी तो कागद सांगतो की घरात घ्या आणि पाणी तोडा! वर्षातले चार चांगले महिने झाडाला कपाटात कोंडायचं आणि मग उन्हाळ्यात अशक्त झाड गच्चीवर काढायचं. याला काळजी म्हणायचं?

होळीनंतर ऊन चढू लागतं. मार्चअखेरीस हिरवी जाळी बांधायची किंवा कुंड्या अशा जागी न्यायच्या जिथे सकाळचं नऊ-दहापर्यंतचं ऊन मिळेल आणि पुढे सावली. एप्रिल-मे मध्ये पाणी कमी, तेही सूर्य मावळल्यावर, कुंडी गार झाल्यावर. खत नाही, कुंडी बदलणं नाही. काळ्या प्लॅस्टिकऐवजी मातीची कुंडी, किंवा छोटी कुंडी मोठ्या मातीच्या कुंडीत ठेवून मध्ये वाळू. एसीच्या बाहेरच्या यंत्रासमोर कुंडी ठेवू नका, त्या गरम झोतात रात्रही दुपारसारखी होते. वळवाचा पाऊस आणि गारा यांच्यापासून जपायचं, कारण मांसल पानावर गार लागली की तो डाग ते पान गळेपर्यंत जात नाही.

मृगाच्या आधी आडोसा तयार हवा. छपराखाली, पण हवा खेळती. इथे लोक म्हणतात, "पाऊस तर निसर्गाचाच आहे, तो कसा बाधेल?" अहो, पाऊस बाधत नाही, साचलेलं पाणी आणि न सुकणारी हवा बाधते. आपल्या मुरमाड डोंगरउतारावर तिधारी निवडुंग उभं असतं, त्याच्यावर चार महिने पाऊस पडतोच की! पण पाणी त्याच्या पायाशी थांबत नाही, उतारावरून निघून जातं. नर्सरीतून येणारं रोप मात्र बहुधा कोकोपीटमध्ये असतं. कोकोपीट ओलं झालं की दिवसेंदिवस ओलं राहतं. नर्सरीवाल्याला ते हलकं आणि स्वस्त पडतं, तो चूक नाही. पण आपल्या घरी आल्यावर ते मुळांभोवतीचं शक्य तितकं काढायचं आणि दोन भाग चाळलेला मुरूम, कच किंवा विटांचे बारीक तुकडे आणि एक भाग माती व शेणखत अशा मिश्रणात रोप लावायचं. कुंडीला भोक हवंच. भोक नसलेल्या काचेच्या वाडग्यात रंगीत खडे चिकटवून जे विकतात, त्यांनी त्याच्यावर सक्युलंटची शवपेटी असं लिहून विकावं. निदान खरं बोलल्यासारखं होईल.

पावसाळ्यात पाणी जवळजवळ बंद. ढगाळ हवेत ऊन कमी, म्हणून झाडं उजेडाकडे मान लांब करून लुकडी होतात. पाणी जास्त दिलं तर आणखी लुकडी. पानांच्या बेचक्यात पिठ्या ढेकूण दिसला की कापसाच्या बोळ्याने पुसायचा, दुसऱ्या कुंडीवर जायची वाट बघायची नाही. एखादं बूड काळं, मऊ पडलं तर वरचा चांगला भाग स्वच्छ सुरीने कापायचा, चार-पाच दिवस सावलीत कोरडा ठेवायचा आणि कापलेली जागा सुकली की कोरड्या मुरमात टेकवायचा. बूड गेलं म्हणजे झाड गेलं असं नव्हे.

गणपती गेले, ऊन पडलं, की लोक उत्साहाने आडोसा काढतात. थांबा. हस्ताचा पाऊस अजून यायचा असतो. आणि तो येऊन गेला तरी ऑक्टोबरचं ऊन फसवं. चार महिने ढगाखाली वाढलेलं पान एकदम त्या उन्हात ठेवलं तर दोन दिवसांत करपून पांढरे चट्टे पडतात. रोज थोडं थोडं ऊन वाढवत न्यायचं, पंधरा दिवस तरी.

‘पूर्ण सूर्यप्रकाश’ या शब्दांवरही मला भूगोलाच्या बाईंच्या नात्याने एक शेरा मारायचा आहे. आपल्याकडे सूर्य वर्षभर एकाच बाजूला नसतो. साताऱ्याला मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात शून्य सावलीचा दिवस येतो, आणि तिथून ऑगस्टच्या सुरुवातीपर्यंत दुपारचा सूर्य आपल्या उत्तरेला असतो. म्हणून दक्षिणेच्या बाल्कनीत डिसेंबरमध्ये ऊन आतपर्यंत येतं आणि जूनमध्ये कठड्यावरही टेकत नाही. उत्तरेच्या बाल्कनीत बरोबर उलट. न्यू जर्सीत सूर्य माध्यान्ही कधीच उत्तरेला जात नाही, म्हणून तिथलं ‘दक्षिणेच्या खिडकीत ठेवा’ हे वर्षभर चालतं. आपल्याला कुंडी सूर्याबरोबर हलवावी लागते. जागा एकदा ठरवली आणि विसरलो, असं या झाडांना चालत नाही.

आता ठाणेकरांसाठी. जाऊबाई, नीट ऐका. तुमच्याकडे वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस, आणि वर्षातला बराच काळ रात्र पंचविशीच्या आसपास. एचेव्हेरिया तुमच्याकडे डिसेंबर ते फेब्रुवारी पाहुणी म्हणून खुलेल, पण तिथे तिला कायमचं घर करता येणं कठीण. हा तुमच्या हाताचा दोष नाही, समुद्राचा शेजार आहे. तुमच्यासाठी अडेनियम, सॅन्सेव्हिएरिया, मादागास्करचं काटेरी युफोर्बिया मिली, सावलीत हॉवर्थिया, आणि आपली कोरफड. पावसात एवढ्यांना छपराखाली ठेवलं की पुरे. आणि पुन्हा ‘माझ्या हाताला झाड लागत नाही’ म्हणालात तर मी ठाण्याला येऊन तुमच्या मधुमालतीची साक्ष काढीन.

दुसऱ्याच्या ऋतूंवर बेतलेल्या सूचना वाचता वाचता आपण आपल्या अंगणातली उदाहरणं बघायचं विसरलो. शेराचं कुंपण, तिधारी निवडुंग, कांडवेल, माकडशिंग, ही सगळी सक्युलंटच. त्यांना कुणी चिठ्ठी लावली नाही. आमच्या सज्जनगडाच्या कड्यावर शिंदळ माकुडी होते. ती सह्याद्रीतच सापडते, जगात इतरत्र कुठेही नाही. डाल्झेल या वनस्पतिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नावावरून तिला फ्रेरिया हे नाव दिलं. तिचं वेळापत्रक बघा: पाऊस आला की मांसल पानं फुटतात, पावसाच्या शेवटाला चांदणीसारखी फुलं येतात, कोरडे महिने सुरू झाले की पानं गाळून नुसत्या खोडावर राहायचं. आणि उभी कुठे राहते? कड्याच्या खडकात, जिथे पाण्याचा थेंब थांबत नाही. आपल्या ऋतूत सक्युलंटने कसं जगायचं याचा धडा तिथे लावून ठेवलेला आहे. तो वाचावा. उपटून घरी मात्र आणू नये, ती दुर्मीळ आहे आणि कड्यावरच शोभते.

मला माहीत आहे, आता काही जण म्हणणार, "पन्नास रुपयांचं झाड, मेलं तर दुसरं आणू. त्यात एवढं काय?" एवढं हेच की, ‘मेलं तर दुसरं आणू’ हे शिकवायचंच असेल तर मुलांच्या हातात प्लॅस्टिकचं झाड द्या. जिवंत वस्तू वापरून फेकायची सवय लागायला किंमत पन्नास असो की पाच हजार, फरक पडत नाही. आणि ज्याच्या धंद्याला दर वर्षी तेच झाड पुन्हा विकायला मिळतं, त्याला खरं सांगायची घाई कशाला असेल?

दुसरे म्हणतात, "एवढं सगळं सांगितलं तर कुणी घेणारच नाही." हे मला पटत नाही. आंब्याचं कलम घेताना आपण जात विचारतो, जमीन विचारतो, पाणी किती ते विचारतो, आणि तरी कलमं खपतातच. उलट ज्याच्याकडे झाड जगतं तोच दुसरं घ्यायला येतो. मी दोन नर्सरीवाल्यांशी याच विषयावर भांडले. एकाने कंटाळून मला मोसंबीचं रोप दाखवलं. दुसरा मात्र म्हणाला, "बाई, तुम्ही लिहून द्या, मी लावतो." मी लिहून दिलं. त्याच्या फळीवर आता चार ओळींच्या चिठ्ठ्या आहेत.

त्या चार ओळी अशा. झाडाचं गाव कोणतं. वाढतं कधी आणि झोपतं कधी, आपल्या महिन्यांत. पावसात छप्पर हवं की नको. कुठल्या महिन्यात सावलीत न्यायचं. बस्स. ‘आठवड्यातून एकदा’ हे शब्द नाहीत, कारण पाणी वारावर घालायचं नसतं. लाकडी काडी मातीत खुपसा, कोरडी निघाली आणि खालची पानं किंचित मऊ लागली, तरच घाला. आणि झाड झोपेत असेल तर तेव्हाही आणखी थांबा.

तुम्ही कुणाला सक्युलंट भेट देणार असाल तर या चार ओळी हाताने लिहून कुंडीबरोबर द्या. त्या लिहिता येत नसतील तर ते झाड देऊ नका, चांगलं पुस्तक द्या. शाळेत असाल आणि मुलांना रोप द्यायचंच असेल तर एप्रिलमध्ये नको, दिवाळीच्या सुट्टीनंतर द्या, आणि पानफुटीचं द्या. एक पान जमिनीवर पडलं तरी त्याच्या कडेला रोपं फुटतात, वर्गातल्या कुणालाच हिरमुसायला होत नाही.

नागपूरच्या शाळेला मी एक पत्र लिहिलं आहे. रागाचं नाही, सविस्तर आहे, सोबत नागपूरच्या महिन्यांप्रमाणे वेळापत्रकही जोडलं आहे. वहीतला तो शेरा खोडावा, एवढीच मागणी केली आहे. उत्तर अजून आलेलं नाही. आलं की कळवीन.